खऱ्याचा टोप

वाईहून सांगली काही फार लांब नाही. सकाळची एसटी धरली की दुपारच्या जेवणाला माणूस पोचतो. मी दोन दिवस लावले. वाटेत दोन ठिकाणी काम होतं हे खरं, पण पोचायची मला घाई नव्हती हेही तितकंच खरं.

सांगलीत माझा धाकटा भाऊ राहत होता, अविनाश. चित्रकलेचा शिक्षक, लग्न केलेलं नाही, दुसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांचा भाड्याचा फ्लॅट. तीन वर्षांपासून आठवड्यातून तीनदा डायलिसिस. मी खंडाळ्याच्या शाळेत मराठी शिकवते, वाईहून रोज जाऊन-येऊन. परीक्षा संपल्या, पेपर तपासून झाले, आणि त्याचा फोन आला.

"ताई, टोप होत आलाय. आष्ट्याहून घे, जतहून पट्टी घे, आणि मग इकडे ये. मला एसटीचे धक्के आता सोसत नाहीत, नाहीतर मीच गेलो असतो."

हा टोप कुठला, ते आधी सांगायला हवं.

मी अकरा वर्षांची आणि अवी सहाचा असताना वडील आम्हाला धोमचं धरण दाखवायला घेऊन गेले होते. या पाण्याखाली घरं आहेत, असं ते सहज बोलून गेले. अवी परतीच्या वाटेवर मागे वळून पाण्याकडे बघत राहिला. घरी आल्यावर त्यानं पाटीवर घरं काढली, घरांवर पाणी काढलं आणि पाण्याखाली माणसं काढली, जेवणारी, भांडणारी, देवाला निघालेली. त्या देशाचं नाव आम्ही ठेवलं तळवट. चित्रं तो काढायचा, कायदे मी करायचे. खऱ्याचा टोप हा माझा कायदा. अवीनं माझी कंपासपेटी हरवली होती आणि कबूल होत नव्हता, म्हणून मी तो केला. तळवट सोडून वर जमिनीवर जायला निघालेल्या माणसाच्या डोक्यावर हा टोप ठेवायचा. सभेनं त्याला एकच प्रश्न विचारायचा, का जातोस? त्यानं टोप घालून खोटं सांगितलं, तर त्याचं नाव सगळ्यांच्या तोंडातून निघून जातं. आई त्याला जेवायला हाक मारायला जाते आणि तिला नावच आठवत नाही. हे ऐकून अवी इतका रडला की कंपासपेटीचं मला विसरायलाच झालं.

मी मोठी झाले आणि तळवटातून बाहेर पडले. तो पडला नाही. चाळीस वर्षं तो त्या देशाचे नकाशे काढत राहिला, आणि पुढे इंटरनेटवर त्याची गोष्ट भागाभागानं लिहू लागला. कुठकुठली माणसं ती वाचायची आणि त्याला पत्रं पाठवायची. आता तो शेवटचा भाग लिहीत होता. त्यात तळवटची राणी देश सोडून जाते. लिहिण्याआधी तो टोप एकदा हातात धरून बघायचा, असं त्याच्या मनानं घेतलं होतं.

आष्टा

पेठ नाक्याला महामार्ग सोडला की दोन्ही अंगांना ऊस सुरू होतो आणि आष्टा येईपर्यंत संपत नाही. आमच्या वाईकडे शेतातून मान वर केली की कुठला तरी डोंगर दिसतो. इथे उसावर नुसतं आभाळ. मला ते जरा उघडं उघडं वाटलं.

महादूअण्णा बाशिंगं करतात. नवऱ्यामुलाच्या कपाळावर बांधतात ती, पांढऱ्या भेंडाची, सोनेरी बेगड लावलेली. भेंड म्हणजे तळ्यात उगवणाऱ्या झाडाचा गाभा, हातात घेतला तर काहीच घेतल्यासारखं वाटत नाही. घर बाजारपेठेच्या मागे आहे. पुढच्या खोलीत अण्णा पाय पसरून बसले होते आणि त्यांच्या मांडीवर आमचा टोप होता.

मी दारातच थांबले. पाटीवर पाहिलेली गोष्ट अशी समोर येईल, याची मी तयारी केली नव्हती. हातभर उंच, वर निमुळता होत गेलेला. सगळ्या अंगावर माशाच्या खवल्यांसारख्या भेंडाच्या पातळ पाकळ्या, एकीवर एक. पुढे काचमण्यांचे नऊ सर, मुंडावळ्यांसारखे, पण इतके दाट की घालणाऱ्याचे डोळे कुणाला दिसू नयेत.

"या, ताई," अण्णा म्हणाले. "सरांनी फोनवर चित्र धाडलं तवा मी इचारलं, कुठल्या देवाचा म्हनून. ते म्हनले, देवाचा न्हाई, देशाचा. म्हटलं, कुठला देश? तर हसायला लागले. तुमी तरी सांगा."

"तसा देश नाही अण्णा. लहानपणी आम्ही मनानं केलेला आहे."

"म्हंजे नाटकातला."

"तसंच धरा."

"नाटकातला आसंना का, डोक्यावर बसायचा हाय म्हनल्यावर नीटच बसला पाह्यजे," ते म्हणाले, आणि त्यांनी बायकोला हाक मारली. "पारू, दोरा आन. माप घ्यायचं हाय."

पार्वतीकाकू दोरा घेऊन आल्या आणि थेट माझ्या पाठीमागे उभ्या राहिल्या.

"माझं कशाला?" मी विचारलं.

"सरच म्हनले. ताई आली की तिच्या डोक्याचं माप घ्या, आमची डोकी सारखीच हायत," अण्णा म्हणाले.

काकूंनी माझ्या कपाळावरून दोरा फिरवला आणि मागे गाठीपाशी चिमटीत धरला. "आवं, अंग का कापतंय तुमचं?" त्या म्हणाल्या. "बसा खाली. सकाळधरनं काय खाल्लंय का न्हाई?"

मी बसले. ऊन लागलं असेल, असं म्हणाले. खरं कारण वेगळं होतं. अवीला तो टोप माझ्या डोक्यावर ठेवायचा आहे आणि मला काहीतरी विचारायचं आहे, असं त्या दोऱ्याखाली मला पक्कं वाटून गेलं.

माप घेऊन आतली कड चिकटवायची आणि खळ वाळू द्यायची, एवढंच राहिलं होतं. तोवर मला जेवायला बसवलं. भरलं वांगं, ज्वारीची भाकरी, कच्चा कांदा. नदीकाठचं वांगं, बियाच नाहीत जणू. आमच्याकडे भरल्या वांग्यात गूळ आणि गोडा मसाला पडतो, इथे कांदा-लसणाची चटणी आणि तेलाचा तवंग. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. काकूंनी न विचारता ताटात दही वाढलं.

अण्णा खवल्यांवर फुंकर घालत होते. "मी जन्मभर लग्नाचीच बाशिंगं केली," ते म्हणाले. "दोन दिस डोक्यावर, मग नदीत. ह्यो पयलाच आसा, की घालून मानूस कुठं जानार ते मला ठावं न्हाई."

अवीच्या खालच्या मजल्यावर राहणारे पवार दुपारी चारच्या सुमारास गाडी घेऊन आले. सैन्यात सुभेदार होते, निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली. अवीला डायलिसिसला नेणं-आणणं ते करायचे. टोप पिठाच्या मोठ्या डब्यात जुन्या साड्यांवर ठेवला आणि डबा मी मांडीवर घेतला. त्या रात्री आष्ट्यातच माझ्या शाळेतल्या एका बाईंच्या माहेरी राहिले, आणि सुभेदार आपल्या चुलतभावाकडे गेले. सकाळी लवकर निघालो.

जत तालुका

मिरज मागे पडलं की हिरवा रंग हळूहळू उतरत जातो. कवठेमहांकाळपर्यंत द्राक्षबागा दिसतात, मग त्याही विरळ होतात. जतच्या पुढे माळ. बाभळी, खडक, आणि लांबवर धुळीची एक रेघ सरकताना दिसली की ती पाण्याच्या टँकरची. मी सातारा जिल्ह्यात जन्म काढला, माणचा दुष्काळ ऐकून आहे, पण आमच्या दारातून कृष्णा वाहते. तहानलेली जमीन मी गाडीच्या काचेतूनच पाहिलेली.

सुभेदार जपून गाडी चालवत होते. एका खड्ड्यात गाडी आपटली आणि डब्यात मणी सांडल्याचा आवाज आला. उघडून पाहिलं तर नऊतला एक सर तुटला होता. मी मणी वेचत असताना ते म्हणाले, "माफ करा, ताई. मिलिटरीत ट्रक चालवला, पन आसला नाजूक माल कवा न्हेला न्हाई."

मग जरा वेळानं, रस्त्यावरची नजर न काढता, "सरांना मी म्हनलो हुतो. माझी घ्या किडनी. दोन हायत, मला काय करायच्यात. दवाखान्यात गेलो बी. तर म्हनले, तुमी रक्ताचे न्हाई, वय झालंय, आन् साखर बी हाय तुमाला. हाकललं मला." ते थोडं हसले. "तुमची जुळली आसती तर बरं झालं आसतं. नशीब."

मी मणी वेचायचं सोडून दिलं.

माझी जुळली होती.

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नव्हतं. अवीनं माझ्याकडे कधीच काही मागितलं नाही. मीच त्याला म्हणाले होते, मी देते. रक्तगट जुळला, बाकीच्या तपासण्या चांगल्या आल्या, आणि मग एका बाईनं मला एकटीला एका लहान खोलीत बसवलं. दार लावून तिनं विचारलं, ही तुमची स्वतःची इच्छा आहे ना? मी हो म्हणायला तोंड उघडलं आणि नाही म्हणाले. ती रागावली नाही. पाणी दिलं. म्हणाली, कारण द्यायची गरज नाही, तुम्ही दाता म्हणून योग्य नाही एवढंच आम्ही कळवू. बाहेर अवी बाकावर बसला होता. मी रडत बाहेर आले आणि त्यानंच माझी समजूत काढली. जाऊ दे ताई, त्यात तुझा काय दोष, असं म्हणत मला समोरच्या हॉटेलात नेलं आणि उपाशी असशील म्हणून बळंच इडली खायला लावली. मी ती खाल्ली.

नवऱ्याचा विरोध नव्हता, मुलगी लहान नव्हती. मला भीती वाटली, दुसरं काही नाही.

पट्टी विणणाऱ्या गंगव्वाचा वाडगा, म्हणजे मेंढरं कोंडायचं आवार, गावापासून मैलभर आत आहे. सत्तरीची बाई, कपाळावर भलंमोठं कुंकू, बोलण्यात निम्मं मराठी आणि निम्मं कन्नड. "बा यव्वा, कूडरी," म्हणत तिनं घोंगडं अंथरलं. ये बाई, बस, हे न कळण्यासारखं नव्हतंच. वाटीभर पाणी दिलं. मी अर्धं प्यायले आणि वाईच्या सवयीनं उरलेलं बाजूच्या रोपाला टाकायला हात वळवला. तिनं माझं मनगट धरलं, वाटी घेतली आणि उरलेलं पाणी शेजारी बांधलेल्या कोकरापुढे ठेवलं. रागानं नाही. मला मात्र कुठे बघावं ते कळेना.

टोपाच्या कपाळपट्टीला काळी लोकर हवी होती, आणि तीही दुष्काळात जन्मलेल्या कोकराची. हा कायदा अवीचा. त्याच्या एका वाचकानं त्याला गंगव्वाचा पत्ता दिला होता. पट्टी तिनं विणून ठेवली होती, चार बोटं रुंद, रात्रीसारखी काळी.

"सात कोकरं झाली औंदा," ती म्हणाली. "मायेला दूदच न्हाई. सा गेली. ह्ये येकलंच ऱ्हायलं. ह्याचीच लोकर हाय ती." तिनं वाटीतलं पाणी पिणाऱ्या कोकराकडे मान केली. "पयली लोकर काढताना लय थरथरतंय. धरून ठेवायचं, आन् काढायची."

सुभेदारांनी टोप बाहेर काढला. गंगव्वानं तो डोळ्यांजवळ नेऊन बघितला, तुटलेला सर चाचपला आणि काही न विचारता लोकरीच्या धाग्यात मणी ओवायला बसली. आठ सर पांढऱ्या दोऱ्याचे आणि एक काळा. मग पट्टी कपाळाच्या जागी लावून चार टाके घातले.

"कुनाला ह्ये?" तिनं विचारलं.

"भावाला. तो आजारी आहे."

"बरा व्हनार?"

मी सुभेदारांकडे पाहिलं. ते कोकराकडे पाहत होते.

"नाही," मी म्हणाले. हा शब्द माझ्या तोंडून पहिल्यांदाच निघाला.

ती मान हलवत राहिली. मग उठून आत गेली आणि ज्वारीची कडक भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी घेऊन आली. आमच्याकडे अशा वेळी माणसं धीर देतात, सगळं नीट होईल म्हणतात. तिनं तसलं काही म्हटलं नाही. भाकरी मोडून माझ्या हातात दिली आणि मी ती संपवेपर्यंत समोर बसून राहिली.

सांगली

संध्याकाळी पोचलो तेव्हा अवी रिक्षानं जाऊन डायलिसिस करून आलेला होता आणि भिंतीकडे तोंड करून झोपला होता. अशा दिवशी त्याला उठवायचं नसतं. त्याच्या खोलीच्या चारी भिंतींवर तळवटचे नकाशे आहेत. मी डबा टेबलावर ठेवला आणि पाण्याखालच्या त्या रस्त्यांवरची नावं वाचत बसले. बरीचशी माझ्या बालपणीच्या अक्षरांतली होती. त्यानं ती जशीच्या तशी गिरवून घेतली होती.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. अवीनं आंघोळ केली, इस्त्रीचा सदरा घातला आणि खुर्ची खिडकीपाशी ओढली. पाच महिन्यांत मी त्याला असं समोरून पाहिलं नव्हतं. सदऱ्याच्या आत दुसरा एखादा माणूस मावला असता. डाव्या हाताच्या शिरा दोरासारख्या फुगलेल्या. सुभेदार चहा घेऊन वर आले आणि जायला निघाले, तर अवी म्हणाला, "थांबा, सुभेदार. सभा पाहिजे."

त्यानं डबा उघडला आणि टोप बाहेर काढून बराच वेळ दोन्ही हातांत धरून ठेवला. खवल्यांवरून बोट फिरवलं. काळा सर दिसला तेव्हा विचारलं, "हा?" मी सांगितलं. "चांगला आहे," तो म्हणाला. "हा मी गोष्टीत घालतो."

मग तो माझ्याकडे वळला. मी पदर सारखा केला आणि मान जराशी वाकवली. जे व्हायचं ते होऊ दे, असं काहीसं मनात होतं.

त्यानं टोप स्वतःच्या डोक्यावर ठेवला.

मण्यांचे सर त्याच्या डोळ्यांवर आले आणि तो एकदम ओळखू येईना. खोलीत उकडत होतं. खाली रस्त्यावर कुणीतरी गाडी सुरू करायचा प्रयत्न करत होतं.

"विचार," तो म्हणाला.

"काय विचारू?"

"तूच केलेला प्रश्न आहे, ताई."

मी विचारलं, "का जातोस?"

"दमलो म्हणून," मण्यांच्या आडून आवाज आला. "मशीनवर घेतलं की ब्लडप्रेशर पडतं. मागच्या महिन्यात दोनदा शुद्ध गेली. हृदय थकलंय म्हणतात. आता किडनी मिळाली तरी ऑपरेशन झेपायचं नाही, हे डॉक्टरांनी सांगून दोन महिने झाले. तुला बोललो नाही. उद्यापासून मी डायलिसिस बंद करतोय. त्यांच्याशी सगळं बोलून झालंय. ते म्हणाले, दहा-बारा दिवस मिळतील. ते मला घरात हवेत."

सुभेदारांनी कप खाली ठेवला. "सर," एवढंच ते म्हणाले. ते दाराच्या चौकटीला टेकून उभे राहिले.

मी म्हणाले, "आपण परत तपासू. दुसरा डॉक्टर बघू, पुण्याला जाऊ. मी देते ना."

"तुझी जुळत नाही, ताई," तो समजावल्यासारखं म्हणाला. तीन वर्षांपूर्वी बाकावर म्हणाला होता त्याच सुरात.

मी उठले आणि त्याच्या डोक्यावरून टोप काढला. एक पाकळी निघून खाली पडली. टोप मी घातला. अण्णांनी माप अचूक घेतलं होतं. लोकर कपाळाला टोचत होती आणि तिला मेंढराचा उग्र वास येत होता. मण्यांतून अवी तुकड्यातुकड्यांत दिसत होता.

"जुळत होती," मी म्हणाले.

सुभेदारांनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं.

"सगळं जुळत होतं. त्यांनी मला एकटीला बसवून विचारलं आणि मी नाही म्हणाले. त्यांनी तुला खोटं सांगितलं नाही. योग्य नाही, एवढंच म्हणाले. जुळत नाही हे मी सांगितलं."

"का?"

"भीती वाटली."

"कशाची?"

"कापून घेण्याची. मरायची. पुढे मलाच काही झालं तर, याची. सगळ्याचीच."

मणी माझ्या श्वासानं हलत होते. तो बोलला. आवाज चढलेला नव्हता.

"मी तुला मागितली नव्हती. तू म्हणाली असतीस, अवी, मला भीती वाटते, तर मी तेव्हाही तुला इडलीच खायला घेऊन गेलो असतो. पण मग मी दुसरीकडे नाव तरी घातलं असतं. सख्ख्या बहिणीची जुळत नाही तर परक्याची कुठली जुळणार, म्हणून मी इतका खचलो की दात्याची वाट बघणाऱ्यांच्या यादीत वर्षभर नाव घालायला गेलोच नाही."

हे मला ठाऊक नव्हतं. तो सगळं करतो आहे, नाव घातलेलं आहे, अशी मी स्वतःची समजूत घालून वाईत राहिले होते.

तो उठला, माझ्यासमोर आला आणि दोन्ही हातांनी टोप माझ्या डोक्यावरून उचलला.

"हे तू टोप न घालता सांगायला हवं होतंस," तो म्हणाला. मग पलंगावर जाऊन भिंतीकडे तोंड करून झोपला.

मी परत वाईला गेले नाही. शाळेत रजा कळवली, नवऱ्याला फोन करून सगळं सांगितलं. तो म्हणाला, तिथेच थांब. सुभेदार दोन दिवस माझ्याकडे बघत नव्हते. वर यायचे, अवीपाशी बसायचे, त्याचे पाय चेपायचे आणि जायचे. तिसऱ्या दिवशी जिन्यात भेटले तेव्हा म्हणाले, "ताई, म्या सरहद्दीवर लय मानसं भ्यालेली बघितली. मी बी भ्यालो हाय. पन भ्यालो ते सांगायला पाह्यजे. शेजारच्याला कळतं, आपलं आपन बघायचं." पुढे ते माझ्याशी पहिल्यासारखे बोलले नाहीत, पण बोलले.

अवी लागेल तेवढंच बोलायचा. उशी दे, खिडकी लाव. शेवटचा भाग त्यानं सोमवारी आणि मंगळवारी स्वतःच लिहून पाठवून दिला. मी लिहून घेऊ का विचारलं तर नको म्हणाला. त्यात राणी काय सांगून जाते, ते मी अजून वाचलेलं नाही. त्याच्या पायांवर सूज चढायला लागली, अंगाला खाज सुटायची, आणि जेवता जेवता डोळा लागायचा. घरी येणाऱ्या नर्सबाईंनी डॉक्टरांनी लिहिलेली औषधं दिली आणि म्हणाल्या, आता पथ्य ठेवू नका, मागतील ते द्या. बाराव्या दिवशी दुपारी तो गेला. मी आणि सुभेदार दोघंही जवळ होतो.

पण मला चौथ्या दिवसाचं सांगायचं आहे. दुपारचे तीन वाजले असतील. मी त्याच्या पाठीला तेल लावत होते. तो झोपला आहे असं मला वाटत होतं.

"ताई," तो म्हणाला.

टोप काढल्यापासून त्यानं मला हाक मारली नव्हती.

"काय रे?"

"शहाळं मिळेल का?"

स्वयंपाकघराच्या दारावर त्याच्या पथ्याचा कागद चिकटवलेला होता, आणि काय चालणार नाही त्या रांगेत शहाळं सगळ्यात वर होतं, दोनदा अधोरेखित केलेलं. तीन वर्षं त्यानं त्याला हात लावला नव्हता. त्यालाही हे माहीत होतं आणि मलाही.

मी हात पुसले आणि खाली गेले. चौकात ऊन नुसतं रणरणत होतं. शहाळेवाल्यानं विचारलं, पाण्याचं की मलईचं? मला ठरवता येईना. दोन्ही दे म्हटलं. वर येऊन त्याला उशांना टेकवून बसवलं आणि नळी तोंडाशी धरली. त्यानं नळी बाजूला सारली. शहाळं दोन्ही हातांत धरून तसंच तोंडाला लावलं आणि प्यायला. पाणी हनुवटीवरून सदऱ्यावर सांडलं. मी पुसायला पुढे झाले, तर त्यानं मान हलवली, राहू दे म्हणून. मोकळं शहाळं माझ्या हातात दिलं आणि जरा वेळ डोळे मिटून बसला.

मग म्हणाला, "दुसरं पण दे. आणि तू अजून एक घेऊन ये, तुला."

मी त्याच्या हातात दुसरं शहाळं दिलं आणि पुन्हा जिना उतरले.